प्रकल्प सोडून गेलेला माणूस

आमच्या धंद्यात राजीनामा ही किरकोळ गोष्ट आहे. मेल टाकायचा, नोटीस पिरियड भरायचा, केटी द्यायची, शेवटच्या दिवशी केक कापायचा आणि लॅपटॉप परत करायचा. मी आत्तापर्यंत दोनदा हे केलंय. दोन्ही वेळा खरं कारण पगार होतं आणि दोन्ही वेळा एचआरला सांगितलेलं कारण वेगळं होतं.

म्हणून जोसेफ रॉटब्लॅटची गोष्ट वाचताना मला सगळ्यात आधी अडवलं ते एका बारीकशा तपशिलाने. त्यानेही प्रकल्प सोडताना खरं कारण सांगितलं नव्हतं. फरक इतकाच, की त्याच्याकडे सांगण्यासारखं कारण होतं आणि ते सांगायची परवानगी नव्हती.

तो प्रकल्प म्हणजे मॅनहॅटन प्रोजेक्ट. अणुबॉम्ब बनवण्यासाठी अमेरिकेने उभा केलेला, हजारो शास्त्रज्ञ-अभियंते आणि लाखाहून जास्त कामगार राबवणारा प्रकल्प. त्यातून सदसद्विवेकाला पटत नाही म्हणून बॉम्ब तयार होण्याआधी बाहेर पडलेला शास्त्रज्ञ एकच, असं मानलं जातं. हाच तो. १९४४ च्या नाताळात तो लॉस अलामॉसमधून निघाला. हिरोशिमावर बॉम्ब पडायला तेव्हा साडेसात महिने बाकी होते.

२०२३ च्या जुलैमध्ये ‘ऑपनहायमर’ बघून आम्ही मित्र बाहेर पडलो तेव्हा बोलणं गीतेवर, स्फोटाच्या सीनवर आणि आयमॅक्सच्या तिकिटाच्या भावावर झालं. रॉटब्लॅट हे नाव आमच्यापैकी कुणालाच माहीत नव्हतं. आपल्याकडे ऑपनहायमर ओळखीचा वाटतो, कारण त्याने संस्कृत शिकून गीता वाचली होती आणि पहिल्या चाचणीची आठवण सांगताना त्याने गीतेचा आधार घेतला. पण गीता सुरू होते ती धनुष्य खाली ठेवणाऱ्या माणसापासून. त्याची समजूत घालायला अठरा अध्याय लागतात. लॉस अलामॉसमध्ये धनुष्य खाली ठेवणारा एक माणूस होता आणि त्याची समजूत घालायला फारसं कुणी आलं नाही. गप्प राहा आणि जा, एवढंच त्याला सांगण्यात आलं.

वॉर्सा ते लिव्हरपूल

रॉटब्लॅटचा जन्म १९०८ चा, वॉर्सामधला. घर ज्यू. वडिलांचा घोडागाड्यांनी मालवाहतूक करण्याचा धंदा होता, तो पहिल्या महायुद्धात बुडाला. पोरगा इलेक्ट्रिशियनचं काम करत शिकला. दिवसा वायरिंग, संध्याकाळी पुस्तकं. पुढे त्याने भौतिकशास्त्रात डॉक्टरेट मिळवली. ज्यांच्या प्रयोगशाळेत तो काम करत होता ते लुडविक वेर्टेनस्टाइन हे मेरी क्युरींच्या हाताखाली तयार झालेले.

१९३८ च्या डिसेंबरमध्ये जर्मनीत ओटो हान आणि फ्रिट्झ श्ट्रासमान यांना युरेनियमचा अणू फुटल्याचा पुरावा मिळाला. त्याचा अर्थ लावला लिझे माइटनर आणि ऑटो फ्रिश यांनी. १९३९ च्या सुरुवातीला रॉटब्लॅटने वॉर्सात स्वतः प्रयोग करून पाहिला, की अणू फुटताना नवे न्यूट्रॉन बाहेर पडतात. इतरही काही प्रयोगशाळांना त्याच सुमारास तेच दिसत होतं. एक न्यूट्रॉन एक अणू फोडतो, त्यातून दोन-तीन न्यूट्रॉन निघतात, ते पुढचे अणू फोडतात. रिकर्शन शिकलेल्या कुणालाही पुढचं सांगायला नको. थांबण्याची अट नसलेलं रिकर्शन, आणि तेही सेकंदाच्या दहा लाखाव्या भागात. हे हत्यार होऊ शकतं, हे त्याला तेव्हाच कळलं. त्याने तो विचार मनातून काढून टाकायचा प्रयत्न केला, असं त्याने पुढे लिहिलंय.

त्याच वर्षी तो इंग्लंडमध्ये लिव्हरपूलला गेला, न्यूट्रॉनचा शोध लावणाऱ्या जेम्स चॅडविककडे. शिष्यवृत्ती इतकी तुटपुंजी होती, की बायकोला, तोलाला, सोबत नेणं परवडणारं नव्हतं. ऑगस्टमध्ये थोडे जास्त पैसे मिळायला लागल्यावर तो तिला न्यायला वॉर्साला परत आला. नेमकं तिचं अपेंडिक्सचं ऑपरेशन झालेलं. प्रवास शक्य नव्हता. ती मागाहून येईल असं ठरलं आणि तो एकटाच परतला. १ सप्टेंबरला हिटलरचं सैन्य पोलंडमध्ये घुसलं. तोलाला बाहेर काढायचे त्याने नंतर पुष्कळ प्रयत्न केले, पण दर वेळी कुठला तरी देश युद्धात ओढला जायचा आणि रस्ता बंद व्हायचा. नाझींनी मारलेल्या लाखो ज्यूंमध्ये ती गेली. त्याने पुन्हा लग्न केलं नाही.

हे सगळं सांगायचं कारण असं, की रॉटब्लॅट शांततेचे धडे देत बॉम्बपासून लांब उभा राहिलेला माणूस नव्हता. बॉम्बवर काम सुरू करावं असं चॅडविककडे जाऊन सांगणाऱ्यांपैकी तो एक होता. १९३९ च्या नोव्हेंबरमधली ही गोष्ट. त्याचा हिशेब सरळ होता: जर्मनीकडे उत्तम भौतिकशास्त्रज्ञ आहेत, ते बॉम्ब बनवतील, आणि हिटलरने तो वापरू नये यासाठी आपल्याकडेही तो असला पाहिजे. वापरायला नव्हे, वापर रोखायला.

आज जगात बारा हजारांच्या आसपास अण्वस्त्रं आहेत आणि ज्या नऊ देशांकडे ती आहेत, त्यातला प्रत्येक देश थोड्याफार फरकाने हेच वाक्य बोलतो. ते वाक्य प्रामाणिकपणे बोलणाऱ्या पहिल्या काही माणसांमध्ये रॉटब्लॅट होता. पुढे त्यानेच लिहिलं, की त्या हिशेबात मोठी चूक होती. हिटलरसारखा माणूस बंकरमध्ये शेवटच्या घटका मोजत असता, तर समोरच्याकडे बॉम्ब आहे म्हणून तो थांबला नसता.

जेवणाच्या टेबलावर

१९४४ च्या सुरुवातीला ब्रिटिश तुकडीबरोबर तो लॉस अलामॉसला पोहोचला. नियमाप्रमाणे ब्रिटिश नागरिक होणं आवश्यक होतं. त्याने नकार दिला. युद्ध संपलं की मला पोलंडला परत जायचंय, म्हणाला. त्याच्यासाठी नियमाला अपवाद केला गेला.

सुरुवातीला तो चॅडविक कुटुंबासोबतच राहत होता. मार्च १९४४ मध्ये एका रात्री जेवायला जनरल लेस्ली ग्रोव्ह्ज आले होते, म्हणजे सगळ्या प्रकल्पाचे लष्करी प्रमुख. बोलता बोलता ग्रोव्ह्ज म्हणाले, की या बॉम्बचा खरा उद्देश रशियाला नमवणं हा आहे.

तेव्हा रशिया मित्रराष्ट्र होता. पूर्व आघाडीवर रोज हजारो रशियन सैनिक मरत होते, आणि त्यांच्या मरण्यामुळेच पश्चिमेकडच्या चढाईच्या तयारीला वेळ मिळत होता. रॉटब्लॅटला हा विश्वासघात वाटला. हा प्रसंग आपल्याला त्याच्याच आठवणीतून कळतो, आणि ती त्याने लिहिली चाळीस वर्षांनी, १९८५ मध्ये. पण ग्रोव्ह्ज यांनी स्वतः १९५४ साली ऑपनहायमरच्या चौकशीत साक्ष देताना सांगितलं होतं, की प्रकल्पाची सूत्रं हातात घेतल्यावर साधारण दोन आठवड्यांतच रशिया हाच शत्रू असल्याबद्दल माझ्या मनात शंका उरली नव्हती.

तरी रॉटब्लॅट त्या रात्री उठून गेला नाही. काम करत राहिला. हे मला महत्त्वाचं वाटतं. सिनेमात असा प्रसंग आला, की पुढच्याच सीनमध्ये नायक बॅग भरतो. तो पुढे आठ-नऊ महिने तिथेच होता, कारण जर्मन बॉम्बची भीती अजून शिल्लक होती. मग १९४४ च्या शेवटी चॅडविककडून कळलं, की गुप्तहेरांच्या माहितीप्रमाणे जर्मनांनी बॉम्बचा नाद केव्हाच सोडलाय. ज्या एका कारणासाठी तो आला होता, ते कारण संपलं. त्याने जाण्याची परवानगी मागितली.

तेव्हा लष्कराच्या सुरक्षा खात्याकडून एक फाइल पुढे आली. रॉटब्लॅट रशियाचा हेर आहे, असा संशय तिच्यात होता. त्यातल्या बऱ्याच गोष्टी त्याने तिथल्या तिथे खोडून काढल्या. त्याला जाऊ दिलं, पण एका अटीवर: आपण का जातोय हे सहकाऱ्यांना सांगायचं नाही. बायकोची काळजी लागलीय, युरोपच्या जवळ राहायचंय, असं सांगायचं ठरलं. ते खोटंही नव्हतं. निघताना त्याच्यासोबत त्याच्या कागदपत्रांची एक पेटी होती. वॉशिंग्टनहून न्यूयॉर्कला जाणाऱ्या गाडीत ती चढवायला स्वतः चॅडविकने हात लावला. न्यूयॉर्कला उतरला तेव्हा पेटी गायब. ती त्याला परत कधीच मिळाली नाही.

६ ऑगस्ट १९४५ ला बीबीसीच्या बातम्यांमध्ये त्याने हिरोशिमाचं नाव ऐकलं. तीन दिवसांनी नागासाकी. त्या वर्षाच्या अखेरपर्यंत हिरोशिमात अंदाजे १,४०,००० आणि नागासाकीत सुमारे ७०,००० माणसं मेली होती.

बाकीचे का थांबले?

इतिहासाचा हा भाग मी पुन्हा पुन्हा वाचलाय. मला रॉटब्लॅटपेक्षा बाकीचे जास्त जवळचे वाटतात.

ते वाईट लोक नव्हते. हिटलरला घाबरून युरोपातून पळालेले कितीतरी जण त्यात होते. विचार करणारेही होते. शिकागोच्या प्रयोगशाळेतल्या जेम्स फ्रँक यांच्या समितीने जून १९४५ मध्ये अहवाल दिला, की बॉम्ब थेट शहरावर टाकण्याऐवजी आधी जगाला निर्जन जागी दाखवावा. जुलैमध्ये लिओ झिलार्डने राष्ट्राध्यक्षांच्या नावे अर्ज लिहिला आणि त्यावर ७० जणांच्या सह्या घेतल्या. बॉम्बची कल्पना सगळ्यात आधी ज्यांच्या डोक्यात आली त्यांच्यापैकीच झिलार्ड एक. तो अर्ज लष्कराच्या वाटेने वर गेला आणि वेळेत राष्ट्राध्यक्षांपर्यंत पोहोचलाच नाही. लिझे माइटनर यांना तर १९४३ मध्येच ब्रिटिश तुकडीत यायचं बोलावणं होतं. बॉम्बशी मला काही देणंघेणं नाही म्हणून त्यांनी ते नाकारलं. चॅडविक राहिला. पण बॉम्ब होणार हे उमगल्यापासून, १९४१ पासून, त्याला झोपेच्या गोळ्या घ्याव्या लागत होत्या, आणि त्या पुढे कधी सुटल्या नाहीत, हे त्याने म्हातारपणी मुलाखतीत सांगितलं.

आणि ऑपनहायमर, फर्मी, लॉरेन्स, कॉम्प्टन या चौघांच्या सल्लागार गटाने १६ जून १९४५ ला सरकारला लिहून दिलं, की थेट लष्करी वापराला आम्हाला पर्याय दिसत नाही. पुढे हेही लिहिलं, की अणुशक्तीमुळे उभे राहणारे राजकीय-सामाजिक प्रश्न सोडवण्याची काही खास पात्रता आम्हा शास्त्रज्ञांकडे नाही. म्हणजे बॉम्ब कसा बनवायचा ते आम्ही सांगू. टाकायचा की नाही हा आमचा विषय नाही.

१९८५ च्या त्या लेखात रॉटब्लॅटने सहकाऱ्यांची कारणं एकेक करून मांडली. सगळ्यात जास्त ऐकू यायचं ते कुतूहल: गणितात जे दिसतंय ते खरंच होतं का हे एकदा बघू, वाद नंतर घालू. दुसरं कारण, जपानशी युद्ध लवकर संपेल, अमेरिकन सैनिक वाचतील. काही जण जर्मनीचा पाडाव झाल्यावर थांबायला तयार होते, पण मध्येच सोडलं तर करिअरवर परिणाम होईल अशी भीती होती. आणि बहुसंख्यांना, त्याच्या मते, हा प्रश्न पडतच नव्हता. त्यांचं काम कसं वापरायचं हे दुसऱ्या कुणी ठरवावं, यात ते समाधानी होते.

पहिल्या कारणाला ऑपनहायमरने १९५४ च्या चौकशीत स्वतःचे शब्द दिले. बोलणं हायड्रोजन बॉम्बच्या डिझाइनबद्दल चाललं होतं. तो म्हणाला, की एखादी गोष्ट तांत्रिकदृष्ट्या गोड असली, की तुम्ही ती करून टाकता. तिचं पुढे काय करायचं याचा वाद ती यशस्वी झाल्यावर घालता.

‘गोड’ हा शब्द त्याने वापरला होता. तो वाचला आणि मला माझा एक पुल रिक्वेस्ट आठवला.

माझा गोड प्रश्न

तिसऱ्या वर्षापासून मी ज्याची स्वप्नं बघत होतो तसं काम मला पहिल्याच नोकरीत मिळालं होतं. मोबाइलवरून झटपट कर्ज देणारं ॲप. माझ्याकडे आलेला प्रश्न: कर्ज घेणाऱ्याच्या फोनमधली कॉन्टॅक्ट लिस्ट सर्व्हरवर आणायची, पण स्वस्तातल्या फोनवर, रडक्या नेटवर्कवर, बॅटरी न खाता. आधीचा कोड दर वेळी अख्खी यादी पाठवायचा. मी प्रत्येक नोंदीचा हॅश काढून फक्त बदललेल्या नोंदी पाठवायची सोय केली. मध्येच नेटवर्क गेलं तर जिथे तुटलं तिथून पुढे. दोन आठवडे मी त्यात बुडालो होतो. चालायला लागलं तेव्हा टीम लीडने सगळ्यांसमोर पाठ थोपटली. खरंच सुंदर कोड होता. अजूनही वाटतं.

यादी कशाला हवी, हे मी विचारलं नव्हतं. ‘रिस्क स्कोअरिंग’ असं कुणीतरी म्हणालं होतं.

तीन महिन्यांनी माझ्या नावावर एक बग आला. एकाच माणसाला दोनदा फोन जातोय. कारण सोपं होतं, एकच नंबर एकदा +९१ लावून आणि एकदा सुरुवातीला शून्य लावून सेव्ह केलेला असला, की आमची सिस्टिम त्याला दोन माणसं समजायची. बगसोबत मूळ तक्रार जोडली होती, म्हणून मी ती वाचली. कर्जाचा हप्ता चुकलेल्या एका शिक्षकाच्या मुख्याध्यापकांना वसुलीवाल्यांनी एकाच दुपारी दोनदा फोन केला होता. मुख्याध्यापक वैतागले होते. शिक्षकाने लिहिलं होतं, की माझ्या मेव्हण्यालाही फोन गेलाय, कृपया हे थांबवा.

तिकिटाचं शीर्षक होतं: ‘डुप्लिकेट कॉल’. मी नंबर एकसारखे करायचं फंक्शन लिहिलं, टेस्ट लिहिल्या आणि संध्याकाळी तिकीट बंद केलं. आता मुख्याध्यापकांना एकदाच फोन जाणार होता.

मी ती नोकरी नऊ महिन्यांनी सोडली. सुरुवातीला सांगितलंच, पगारासाठी.

एका वसुली ॲपची हिरोशिमाशी तुलना केली, तर वाचणारा हसेल, आणि हसावंच. माझ्या कोडने कुणाची कातडी गळाली नाही. तुलना परिणामांची नाहीच. मी बघतोय ते इतकंच, की रॉटब्लॅटने लिहिलेल्या कारणांच्या यादीत मला माझं नाव कुठे सापडतं. मला ते शेवटच्या ओळीत सापडलं, ज्यांना प्रश्न पडत नव्हता त्यांच्यात. आणि तिकीट वाचल्यावर तर तीही सबब उरली नव्हती.

परत आल्यावर

रॉटब्लॅट इंग्लंडला परतला आणि काही वर्षांत त्याने आपलं क्षेत्रच बदललं. लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू रुग्णालयाच्या वैद्यकीय महाविद्यालयात तो भौतिकशास्त्राचा प्राध्यापक झाला आणि किरणोत्साराचा सजीवांवर काय परिणाम होतो याचा अभ्यास करू लागला. ज्या विद्येने माणसं जाळली, तिचाच रुग्णालयात उपयोग करायचा, असं त्याने ठरवलं.

१ मार्च १९५४ ला अमेरिकेने पॅसिफिकमधल्या बिकिनी बेटांवर ‘ब्राव्हो’ नावाची चाचणी केली. स्फोट १५ मेगाटनचा झाला, अपेक्षेच्या सुमारे अडीचपट आणि हिरोशिमाच्या जवळजवळ हजारपट. गणित चुकलं होतं ते लिथियमच्या एका समस्थानिकामुळे. लिथियम-७ निष्क्रिय राहील असं गृहीत धरलं होतं, तो राहिला नाही. दूर समुद्रात मासेमारी करणाऱ्या ‘फुकुर्यू मारू’ या जपानी बोटीवर पांढरी राख पडली. बोटीवर २३ जण होते. सगळे आजारी पडले आणि रेडिओ ऑपरेटर आइकिची कुबोयामा सप्टेंबरमध्ये वारला. जपानमध्ये ट्यूना मासा घ्यायला लोक घाबरू लागले. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये तिथे ‘गोजिरा’ हा सिनेमा आला. आपण ज्याला गॉडझिला म्हणून ओळखतो, पॉपकॉर्न खात बघतो, तो राक्षस समुद्रातल्या हायड्रोजन बॉम्बच्या चाचणीने जागा झालेला आहे.

यासुशी निशिवाकी या जपानी शास्त्रज्ञाने त्या राखेची तपासणी केली होती. बेल्जियममधल्या एका परिषदेत त्याने ते आकडे रॉटब्लॅटला दिले. रॉटब्लॅटने बसून हिशेब केला. त्या राखेत इतका किरणोत्सार होता, की तो फक्त हायड्रोजनच्या संमीलनातून येणं शक्य नव्हतं. बॉम्बभोवती युरेनियमचा तिसरा टप्पा असला पाहिजे आणि बरीचशी ऊर्जा त्याच्या फुटण्यातून आली असली पाहिजे. सरकारं हा बॉम्ब जितका ‘स्वच्छ’ भासवत होती, त्यापेक्षा तो कितीतरी घाण होता. हे प्रसिद्ध करू नये असा दबाव असतानाही त्याने ते १९५५ मध्ये प्रसिद्ध केलं. लॉस अलामॉसमधून निघताना त्याला गप्प बसायला सांगितलं होतं. या वेळी तो गप्प बसला नाही.

त्याच वर्षी ९ जुलैला लंडनमध्ये बर्ट्रांड रसेल आणि आइन्स्टाइन यांचं निवेदन जाहीर झालं. आइन्स्टाइनने मृत्यूच्या काही दिवस आधी त्यावर सही केली होती. सह्या करणारे अकरा जण होते, रॉटब्लॅट त्यांच्यातला सगळ्यात तरुण. त्या पत्रकार परिषदेचं अध्यक्षपदही त्यानेच सांभाळलं.

निवेदनाप्रमाणे दोन्ही गटांतल्या शास्त्रज्ञांनी एकत्र भेटायचं होतं. पहिली बैठक दिल्लीत व्हायची होती. नेहरूंनी तशी तयारी दाखवली होती. ‘ब्राव्हो’नंतर महिन्याभरात, २ एप्रिल १९५४ ला, लोकसभेत सगळ्या अणुचाचण्या थांबवा अशी मागणी करणारेही तेच. पण १९५६ मध्ये सुएझचा पेच उभा राहिला आणि दिल्ली बारगळली. शेवटी जुलै १९५७ मध्ये कॅनडातल्या पगवॉश नावाच्या लहानशा गावी, सायरस ईटन या उद्योगपतीच्या खर्चाने, २२ शास्त्रज्ञ जमले. म्हणून त्या चळवळीचं नाव पगवॉश पडलं. शीतयुद्धाच्या काळात अमेरिकन आणि रशियन शास्त्रज्ञ बंद दाराआड बोलू शकतील अशा फार थोड्या जागा होत्या, त्यातली ही एक. १९६३ च्या चाचणीबंदी कराराची जमीन तयार करण्यात तिचा वाटा मानला जातो.

ट्रॉम्बे

आता आपल्या दारात. १८ मे १९७४ ला पोखरणमध्ये भारताने पहिला अणुस्फोट केला. त्यातलं प्लुटोनियम मुंबईचं होतं. ट्रॉम्ब्याच्या सायरस अणुभट्टीतलं, जी कॅनडाने शांततामय वापरासाठी म्हणून दिली होती.

अणुशक्तीचा मार्ग धरावा की नाही, यावर मुंबईतही वाद झाला होता. टीआयएफआरमध्ये गणिताचे प्राध्यापक असलेले, मूळचे गोव्यातल्या कोसबेनचे दामोदर धर्मानंद कोसंबी हे जागतिक शांतता चळवळीत होते. भारतासारख्या उन्हाच्या देशाने अणुशक्तीपेक्षा सौरऊर्जेत पैसा घालावा, असं ते १९५० च्या दशकात सांगत होते. ज्या संस्थेत ते हे म्हणत होते, तिचे संस्थापक होते होमी भाभा. १९६२ मध्ये कोसंबींचा करार पुढे वाढवला गेला नाही. त्याची कारणं एकापेक्षा जास्त होती. पण देशाच्या इतिहासलेखनाला वळण देणारा हा माणूस सौरऊर्जेबद्दल काय बोलत होता, हे मला इंजिनिअरिंगच्या चार वर्षांत कुणी सांगितलं नाही. मीही शोधलं नाही.

माझा जन्म १९९८ चा. पोखरणच्या दुसऱ्या चाचण्यांचं वर्ष. होस्टेलच्या खोलीत माझ्या पार्टनरने कलामांचं पोस्टर लावलं होतं आणि ‘अग्निपंख’ आम्ही दोघांनी वाचलं होतं. घरोघरी पेपर टाकून शिकलेलं पोर रॉकेट बनवतं, ही गोष्ट आम्हाला हवी होती आणि ती खोटी नाही. पण वायरिंगचं काम करून शिकलेल्या पोराने बॉम्ब सोडला, ही गोष्टही तितकीच खरी होती आणि तिचं पोस्टर कुठे मिळत नव्हतं.

बॉम्ब आमच्याकडे आला तो दिवाळीतल्या हिरव्या सुतळी बॉम्बच्या खोक्यावर ‘ॲटम’ हे नाव लिहून. आणि मे २०२५ मध्ये, सीमेवर चार दिवस गोळे पडत होते तेव्हा, कॉलेजच्या ग्रुपवर ‘एकदाचा टाकून विषय संपवा’ असे मेसेज आणि मशरूम ढगाचे स्टिकर पडत होते. लाहोरपासून अमृतसर पन्नास किलोमीटर आहे. हे त्या ग्रुपवर टाकावं असं मला वाटलं. टाइप केलं आणि पुसलं. उगाच कशाला, असं वाटलं. गप्प बसायला मला कुणी अट घातली नव्हती.

काय उपयोग झाला?

रॉटब्लॅटच्या जाण्याने बॉम्ब एक दिवसही लांबला नाही. हे मान्य करायलाच हवं. कामाची जागा भरली गेली, जशी प्रत्येक राजीनाम्यानंतर भरते. त्याने तेव्हा उघड बोलायला हवं होतं, असंही म्हणता येईल. जर्मन बॉम्ब नाही ही बातमी सगळ्यांना मोकळेपणाने कळली असती, तर आणखी पाच-दहा जण तरी थांबले असते का? त्याने तोंड मिटून घेतलं म्हणून ते कधी कळणार नाही.

पण तो जे पुढची साठ वर्षं करत राहिला, ते आत राहून त्याला करता आलं नसतं. १९९५ मध्ये त्याला आणि पगवॉशला मिळून शांततेचं नोबेल मिळालं. ओस्लोच्या भाषणात त्याने शास्त्रज्ञांना विनवलं, की डॉक्टर घेतात तशी एखादी शपथ आपणही घ्यायला सुरुवात करू या. २००५ मध्ये तो गेला, ९६ वर्षांचा होऊन. २०२४ चं शांततेचं नोबेल जपानमधल्या हिबाकुशांच्या, म्हणजे अणुबॉम्बमधून वाचलेल्यांच्या, ‘निहोन हिदान्क्यो’ या संघटनेला मिळालं. तोवर त्यातले बहुतेक जण ऐंशीच्या पुढे होते.

आमच्या पदवीदान समारंभात शपथ वगैरे काही नव्हतं. भाड्याचा गाऊन होता, फोटो होता, आणि गाऊन वेळेत परत केला नाही तर डिपॉझिट कापलं जाणार होतं.

सध्या मी पुन्हा नोकरी बदलतोय. इंटरव्ह्यूच्या शेवटी ‘तुम्हाला काही विचारायचंय का’ असं विचारतात, तेव्हा मी आता एक प्रश्न विचारतो: हे कोण वापरतं आणि कुणावर? एका ठिकाणी मॅनेजरने दहा मिनिटं नीट समजावून सांगितलं. एका ठिकाणी एचआरची मुलगी हसली आणि म्हणाली, सर, ते प्रॉडक्टवाले बघतात. तिसऱ्या ठिकाणाहून पुन्हा फोन आला नाही. पगार तिथलाच सगळ्यात जास्त होता. प्रश्नामुळे आला नाही की दुसऱ्या कशामुळे, ते मला माहीत नाही. पुढच्या मंगळवारी आणखी एक इंटरव्ह्यू आहे.